फसवून घेतलेला हुकूमनामा रद्द होतो का? होतो, पण आधी नक्कल काढा

तुम्ही विचारलंय ते असं: मोठ्या बाबांनी, म्हणजे वडिलांच्या थोरल्या भावाने, तुमच्या वडिलांवर घराचा दावा लावला, समन्स तुमच्यापर्यंत आलंच नाही, एकतर्फी हुकूमनामा (डिक्री) झाला, म्हणजे तुमची बाजू न ऐकताच कोर्टाने निकाल दिला, आणि दीड वर्षाने बेलिफ, म्हणजे कोर्टाचा माणूस, ताबा घ्यायला आला तेव्हा कळलं. आता फसवणूक म्हणून तो रद्द करता येईल का?

येतो. मी वकील नाही, पण असल्याच प्रकरणात नागपूरला सिव्हिल लाइन्सच्या कोर्टात चार वर्षं चकरा मारल्यात. बेलिफ आला ती तारीख आधी लिहून ठेवा. समन्स नीट बजावलं गेलं नसेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या (खालचे सगळे आदेश-नियम तिचेच) आदेश ९, नियम १३ खाली अर्ज करायला हुकूमनामा कळल्यापासून ३० दिवस मिळतात, आणि हे दिवस वकील शोधण्यातच जातात.

मोठ्या बाबांशी भांडायला नंतर जा, पहिले कोर्टाच्या नक्कल विभागात जा आणि प्रमाणित प्रती काढा. दावा, रोजनामा (प्रत्येक तारखेला काय झालं त्याची नोंद), हुकूमनामा आणि समन्सवरचा बेलिफाचा अहवाल, चारही.

आमचं सगळं त्या अहवालाच्या एका पानावर होतं. समन्स महाल भागातल्या जुन्या पत्त्यावर, शेरा ‘घर बंद, लाकडी दारावर प्रत चिकटवली’. ते घर आम्ही केव्हाच विकलेलं. त्या जागी तीन वर्षांपासून फ्लॅट स्कीम उभी होती, खाली सगळे लोखंडी शटर. घर कोणी ओळखवून दिलं हे आदेश ५, नियम १७ प्रमाणे अहवालात लिहावं लागतं. तिथं नाव होतं वादीच्या, म्हणजे माझ्या चुलतभावाच्या साळ्याचं! आणि हा चुलतभाऊ आमच्या मनीषनगरच्या वास्तूला पंगतीत वाढायला होता, फोटोत हातात बुंदीची परात घेऊन उभा आहे. नवा पत्ता माहीत नव्हता म्हणायची सोय उरली नाही.

तुमच्या कागदात असं काही शोधा. फक्त ‘फसवणूक केली’ लिहून भागत नाही, आदेश ६, नियम ४ तपशील मागतो. माझ्या पहिल्या मसुद्यात ‘संगनमताने’ हा शब्द चारदा होता. दुसऱ्या वकिलांनी चारही खोडले आणि विचारलं, ‘कोण, कधी, कुठल्या कागदावर?’

अजून एक घोळ लोक करतात. साक्षीदार खोटं बोलला, एवढ्यावर हुकूमनामा फसवणुकीचा ठरत नाही, ते अपिलात सांगायचं. कोर्टालाच अंधारात ठेवलं असेल तर गोष्ट वेगळी. चेंगलवराय नायडू विरुद्ध जगन्नाथ या १९९३ च्या निकालात वादीने स्वतःच लिहून दिलेलं नोंदणीकृत हक्कसोडपत्र लपवून वाटपाचा हुकूमनामा मिळवला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो मुळातच शून्य धरला आणि असा हुकूमनामा कोणत्याही कोर्टात आव्हानता येतो म्हटलं. तुमचे वकील हा निकाल लावतीलच, पण तुमच्याकडे तसा कागद असेल तरच त्याचा उपयोग.

३० दिवस हुकले तर उशीर माफीचा अर्ज जोडा, किंवा वेगळा दावा लावा. त्याला फसवणूक कळल्यापासून तीन वर्षं असतात. मात्र नकलेत हुकूमनामा तडजोडीचा निघाला, वडिलांची खोटी सही वगैरे, तर वेगळा दावा चालत नाही. आदेश २३, नियम ३-अ आडवा येतो. ज्या कोर्टाने तो दिला तिथेच अर्ज करावा लागतो.

तुमच्या वडिलांना तारीख माहीत होती असा व्हॉट्सअॅप मेसेज मोठ्या बाबांकडे आहे का, हे वडिलांना घरीच स्पष्ट विचारून घ्या. सुनावणीची तारीख वेळेत कळली होती असं दिसलं तर समन्समधल्या नुसत्या त्रुटीवर कोर्ट हुकूमनामा रद्द करत नाही.

आणि अर्ज टाकला म्हणून दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी, आपोआप थांबत नाही. स्थगितीचा अर्ज वेगळा, त्याच दिवशी. आमच्याकडे तो टाकायचा आठवडाभर राहून गेला आणि तेवढ्यात बेलिफ पोलीस घेऊन पुन्हा आला होता.

आमचा हुकूमनामा रद्द झाला, तेव्हा आईने पेढे वाटले. तिला सांगावं लागलं की दावा आता परत जुन्या नंबरवर लागणार आणि आपला जबाब द्यायचाय. तो अजून चालूच आहे, सध्या चुलतभावाची उलटतपासणी सुरू आहे.