कमिशनरचा अहवाल उलटा आला, म्हणजे दावा गेला का?

“मॅडम, कोर्टाचाच माणूस मोजून गेला आणि अतिक्रमण आमचंच निघालं. आता उरलं काय?” मोजणी अहवालाची नक्कल घेऊन माझ्याकडे वकिली सल्ल्याला येणारे बरेच जण हेच विचारतात. नाशिक जिल्ह्यातल्या एका मावशींनीही हेच विचारलं. (ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.) शेजाऱ्याने बांध कोरत कोरत सहा गुंठे दाबले, अशी त्यांची तक्रार. त्यांच्या दाव्यात न्यायालयाने भूमी अभिलेख खात्याच्या भूकरमापकाला (सरकारी मोजणीदाराला) कोर्ट कमिशनर, म्हणजे जागेवर जाऊन पाहणी करून अहवाल देणारा न्यायालयाचा प्रतिनिधी, नेमलं आणि अहवालात उलट मावशींकडेच शेजाऱ्याचे दोन गुंठे दाखवले.

मी आधी त्यांना पाणी दिलं आणि सांगितलं, हा निकाल नाही, पुरावा आहे. दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 मधल्या आदेश 26, नियम 10 प्रमाणे अहवाल पुराव्यात वाचला जातो. पण त्याच नियमाने न्यायालयाच्या परवानगीने कमिशनरला साक्षीला बोलावता येतं, अहवालावर आणि मोजणीच्या पद्धतीवर प्रश्न विचारता येतात. कामाने समाधान झालं नाही तर न्यायालय पुढील चौकशीचा हुकूमही देऊ शकतं. जमीन कोणाच्या मालकीची, हे ठरवणं कमिशनरचं काम नव्हेच.

सोबतच्या पुतण्याला एकच हरकत लिहायची होती: मोजणीवाल्याने पैसे खाल्ले. मी ठाम नकार दिला. पुराव्याशिवाय असा आरोप केला की खरे मुद्दे त्याखाली दबतात. नुसतं “अहवाल मान्य नाही” लिहूनही भागत नाही. चूक कुठे आहे, त्यावर बोट ठेवावं लागतं.

म्हणून आम्ही अहवाल, पंचनामा आणि नकाशा घेऊन बसलो. मोजणीची नोटीस वेळेत मिळाली होती, मावशी हजरही होत्या, त्यामुळे तो मुद्दा सोडला. पंचनाम्यावर सही केली याचं त्यांना फार दडपण होतं. वाचून पाहिलं तर सही हजेरीपुरती होती, हद्द कबूल असल्याचं एक अक्षर नव्हतं. खरी अडचण नकाशात सापडली. मूळ टिपण (मूळ मोजणीच्या वेळची मापांची नोंद) किंवा गटाचा नकाशा जुळवल्याचा उल्लेख नाही. मोजणी धरली विहिरीच्या काठापासून, आणि विहीर मावशींच्या सासऱ्यांनी खोदलेली, म्हणजे मूळ मोजणीनंतरची. शिवाय शेजाऱ्याचा गट मोजलाच नव्हता. एकाचं क्षेत्र कमी भरतंय ते दुसऱ्याकडे गेलंय का, हे दोन्ही गट मोजल्याशिवाय कळणार कसं?

हेच तीन मुद्दे लेखी हरकतीत घातले आणि कमिशनरला साक्षीला बोलावून तपासण्याचा अर्ज सोबत दिला. हे अहवाल दाखल होताच करायचं असतं. निकालापर्यंत गप्प राहून अपिलात पहिल्यांदा तोंड उघडणारे पक्षकार पाहिले की वाईट वाटतं, कारण “तेव्हा हरकत का घेतली नाही?” या प्रश्नाला त्यांच्याकडे उत्तर नसतं. पुतण्याने खासगी सर्व्हेअरकडून नकाशा करून आणला होता. प्रश्न तयार करायला त्याचा उपयोग झाला, पण असा नकाशा दाखल केल्याने कोर्ट कमिशनरचा अहवाल आपोआप बाजूला पडत नाही.

साक्षीत भूकरमापकाने सरळ उत्तरं दिली. टिपण पाहिलं नव्हतं. शेजारचा गट का मोजला नाही, तर हुकमात फक्त वादीचाच गट लिहिला होता. हुकूम तसा निघाला कारण कमिशन नेमण्याच्या मूळ अर्जातच एका गटाचा उल्लेख होता. कमिशन मागतानाच दोन्ही गट क्रमांक, मूळ अभिलेखावरून हद्द कायम करणं आणि अतिक्रमण असल्यास त्याचं क्षेत्र नकाशात दाखवणं, एवढं तरी अर्जात लिहून घ्या, असं मी प्रत्येकाला सांगते.

न्यायालयाने दोन्ही गटांची फेरमोजणी सांगितली. नव्या नकाशात शेजाऱ्याकडे मावशींचे अडीच गुंठे निघाले, सहा नव्हे. मावशींनी ते मान्य केलं. शेजाऱ्याने आता या अहवालावर हरकत घेतली आहे. तो हक्क त्यालाही आहे, आणि यावेळी साक्षीला बोलावण्याचा अर्ज त्याच्या वकिलांचा आहे.