बुडकीचं गणित

सांगली

चिरंजीवास अनेक आशीर्वाद.

साताऱ्याहून धाडलेली तुझ्या गोष्टीची पाच प्रकरणं आणि शस्त्राचं रेखाटन पोचलं. दंडपट्ट्याच्या मुठीत घटिकापात्र (बुडाला भोक असलेली, पाण्यात सोडून वेळ मोजायची वाटी), ते बुडेपर्यंत समोरचा काळ मंद, ही कल्पना झकास आहे. ‘कालान्तक महाखड्ग’ हे नाव मात्र काढ. रोज ते घासूनपुसून ठेवणारे शिपाई एवढं लांब नाव घेणार नाहीत, ते ‘बुडकी’ म्हणतील.

खरी अडचण मुठीतच आहे. संग्रहालयात पट्टा नीट बघ. मूठ म्हणजे कोपराकडे जाणारं लोखंडी कवच, आत पकडायला आडवी दांडी. मनगट वळत नाही, म्हणून वार खांद्यातून आणि कमरेतून फिरतो. पहिल्याच गिरकीत तुझं पाणी सांडलं आणि पात्र उलटं झालं. घटिकापात्राला स्थिर, सपाट पाणी लागतं. तेव्हा पात्र मुठीतून काढ आणि मागे जमिनीवर घंगाळात ठेव. पट्टेकरी पुढे, पात्र सांभाळणारा घटीवाला मागे. शस्त्र दोन माणसांचं झालं की शत्रूला मारायला दुसरी जागा मिळते, आणि तुझ्या लढाईत नेमकी तीच नाही.

आता मापं. तू ‘काही क्षण’ लिहितोस, ते चालणार नाही. आपल्याकडे तयार कोष्टक आहे: दिवस-रात्र मिळून ६० घटी, घटीची ६० पळं, पळाची ६० विपळं. घटी २४ मिनिटांची, पळ २४ सेकंदांचं, विपळ ०.४ सेकंदाचं. (‘पळभर थांब’ म्हणताना आपण बरंच थांबायला सांगत असतो.) बुडकीचं पात्र एका पळात बुडावं, तोवर समोरच्या पाच हातांच्या वर्तुळात एकच विपळ सरावं. म्हणजे काळ ६० पट मंद. पात्र बुडालं की पुढची घटीभर शस्त्र मुकं. चकमकीत एकदाच चालेल, आणि तेच हवं.

६० हा आकडा धरला की तो सगळीकडे लावावा लागतो. वर्तुळात वरून पडणाऱ्या दगडाला बाहेरच्या २४ सेकंदांत आतले ०.४ सेकंद मिळतात, म्हणजे तो पाऊण मीटरच्या थोडा पुढे येतो. तुझ्या तिसऱ्या प्रकरणात बाण अख्खं पळ हवेत लटकतो, ते चूक. सेकंदाला ५० मीटर वेगाचा बाण पाच हात, म्हणजे साधारण सव्वादोन मीटर, बाहेरच्या मोजणीनं तीन सेकंदांच्या आतच ओलांडेल आणि पलीकडे पूर्ण वेगानं निघेल. चालत्या माणसाहून हळू येतो खरा, बाजूला सरकता येतं, पण पलीकडच्या घटीवाल्याचं काय? तसंच आवाजाचं. आतल्याची १२० हर्ट्झची आरोळी बाहेर २ हर्ट्झ होते आणि कान २० च्या खाली ऐकत नाही. म्हणून वर्तुळातून जवळजवळ काहीच ऐकू येत नाही. ‘घोगरी किंकाळी’ खोड. प्रकाशाला मात्र सूट दे, एका वाक्यात सांगून मोकळा हो. तो हिशेब करायला गेलास तर आतला माणूस दिसणारच नाही.

सर्वांत मोठी चूक पाचव्या प्रकरणात आहे. नायक वर्तुळात पट्टा घालून वार करतो. पण पातं आत गेलं की तेही मंद! टोक गोगलगायीसारखं, मूठ मात्र खांद्याच्या जोरानं पुढे. पट्ट्याचं पातं कितीही लवचिक असलं तरी सीमेवर वाकून तुटेल. हात घातला तर हृदय रक्त लोटतंय आणि बोटं घेत नाहीत, अशी गत. म्हणून बुडकीनं मारता येत नाही, जागा घेता येते. वळसा घालून शत्रूच्या मागे जायचं, सीमेबाहेर उभं राहायचं आणि पात्र बुडायची वाट बघायची.

बिघाड पात्रातूनच येऊ देत. सूर्यसिद्धान्तात बुडाला भोक असलेलं तांब्याचं पात्र निर्मळ पाण्यात ठेवायला सांगितलंय, ते उगीच नाही. पावसाळी कृष्णेचं पाणी डोळ्यांसमोर आण: गवताची एक काडी भोकात अडकली की पात्र उशिरा बुडतं. पट्टेकरी सवयीनं २४ मोजून पुढे सरतो आणि अजून न सुटलेल्या वर्तुळात स्वतःच अडकतो. काठाला पोचा असेल तर पात्र कलतं, काठावरून पाणी शिरतं आणि शत्रू आधीच सुटतो. शिवाय चिंच-राखेनं वर्षानुवर्षं घासलं तर भोक झिजून मोठं होतं, पळ आखूड होतं. हे घटीवाल्याला माहीत असतं, सेनापतीला नसतं. मला इथंच गोष्ट दिसते.

घरी करून बघ. छोटी जुनी वाटी, बुडाला मधोमध तीन-चार मिलिमीटरचं भोक, कडा कानशीनं साफ. बादलीत अलगद सोड, मोबाईलवर वेळ लाव. भोक कानशीनं जरा जरा वाढवत २४ सेकंदांवर आण. मग पाण्यात चिमूटभर बारीक गवत टाकून दहा वेळा मोज आणि दहाही आकडे लिहून ठेव. त्यातला सर्वांत वाईट आकडा पाचव्या प्रकरणात वापर. ते प्रकरण आधी धाड, बाकीची नंतर चालतील.