थॉन्थु म्हणजे लोककथा नव्हे

प्रश्न असा : 'आजच्या मिझो लेखकांनी मोठ्यांसाठी लिहिलेल्या कथांनाही तिकडे थॉन्थुच म्हणतात. अनुवादात लोककथा म्हटलं तर चालेल का?'

मुळीच नाही. ईशान्येकडून काहीही आलं की त्यावर 'लोककथा' अशी चिठ्ठी डकवायची ही खोड आपल्याला कधी लागली कोण जाणे. मिझो कथाकार आज 'रामबुआइ'वर लिहितात. राम म्हणजे मुलूख, बुआइ म्हणजे गोंधळ, घालमेल. १९६६ ते १९८६ ही मिझो बंडाची वीस वर्षं. कर्फ्यूतलं ऐझॉल, लष्करानं उठवून रस्त्याकडेला एकत्र वसवलेली गावं. याला लोककथा म्हणायचं?

आपल्या 'गोष्टी'त आजीची गोष्टही येते आणि छापील कथाही, तसंच थॉन्थुचं. 'थु' म्हणजे शब्द, मजकूर. (मराठी कान दचकतो, ते सोडा.) साहित्याला ते 'थु लेह ह्ला' म्हणतात, म्हणजे गद्य आणि गाणं. 'थॉन' म्हणजे पाठवणं. पत्र म्हणजे 'लेहखाथॉन'. तेव्हा थॉन्थु म्हणजे धाडलेला शब्द, आपला सांगावा, अशी माझी समजूत. मिझो ही सुरांची भाषा, सूर बदलला की अर्थ बदलतो, तेव्हा हा थॉन वेगळा असेल, असं कुणी म्हणेल. म्हणो बापडा.

एका विद्वानांनी तर परवा निकालच देऊन टाकला : कादंबरीला वेगळा शब्द नाही, म्हणजे भाषा अजून मौखिक अवस्थेत. वा! आपण तरी शब्द कुठे घडवला? बाणभट्टाच्या नायिकेचं नाव उचललं आणि मोकळे झालो. मिझोंना तेही जमलं असतं. एल. बिआकलिआना यांनी १९३६ साली लिहिलेली पहिली मिझो कादंबरी नायिकेच्याच नावाची आहे, 'हॉइलोपारी'. आणि नाव काय सुरेख! हॉइ म्हणजे वळून पाहणं, लो म्हणजे न, पार म्हणजे फूल. शेवटची ई बाईच्या नावाची (पुरुषांची नावं आकारान्त, जशी बिआकलिआना). जुन्या समजुतीप्रमाणे मेलेल्याचा जीव परलोकाच्या वाटेवर घराकडे वळून वळून पाहत राहतो. मग तो हे फूल माळतो, 'लुंगलोहतुई' हे पाणी पितो आणि मागची ओढ सुटते. लुंग काळीज, लोह नाही, तुई पाणी. वळून न पाहण्याचं फूल!

ते मराठीत 'हाविलोपारी' असं छापलेलं पाहिलं की तिडीक उठते. ऐझॉलच्या रोमन स्पेलिंगात ए-डब्ल्यूची जी जोडी आहे, तीच इथं आहे. ऐझॉल लिहिता येतं, मग इथंच 'हावि' का?

हां, थॉन्थु. 'कथा' लिहा. पुढे 'तॉइ' असेल तर लघुकथा; तॉइ म्हणजे आखूड.