पान लागलं की मांत्रिकाकडे का?

प्रिय सई,

शिराळ्याकडे घरोघरी स्मार्टफोन आहेत, तरी साप चावल्यावर, म्हणजे आजीच्या भाषेत ‘पान लागल्यावर’, काही माणसं मांत्रिकाकडे का जातात, असं तू विचारलंस. त्यांना अडाणी म्हणू नकोस. मांत्रिकाकडे गेलेली बरीच माणसं खरंच धडधाकट घरी येतात. गोम तिथेच आहे.

सांगलीकडच्या उसात उंदीर फार, म्हणून सापही फार. जीव घेणारे मुख्य चारच: नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं. धामण, दिवड, कवड्या बिनविषारी. शिवाय विषारी साप चावला तरी दरवेळी विष सोडतोच असं नाही. त्याला कोरडा दंश म्हणतात. अशी माणसं काही न करताही वाचणारच असतात. नाव मंत्राचं होतं, आणि एखादा दगावला तर ‘आणायला उशीर केलात’.

सगळ्यात मोठा घात मण्यारीचा. रात्री अंथरुणात चावते, फारसं दुखत नाही, सूजही येत नाही. ‘उतरलं’ म्हणून माणूस झोपतो आणि काही तासांनी पापण्या मिटायला लागतात, जीभ जड होते, मग श्वास अडतो.

दवाखान्यात काय करतात? घोणशीच्या विषाने रक्त गोठेनासं होतं. म्हणून थोडं रक्त कोरड्या काचेच्या नळीत २० मिनिटं न हलवता ठेवतात. गोठलं नाही तर प्रतिविष सुरू. चारही सापांवर एकच प्रतिविष चालतं. लक्षण नसलं तरी २४ तास ठेवून घेतात. घाबरलेल्या घराला हे ‘थांबा, बघू’ जड जातं. वस्तीवरचा मांत्रिक मात्र मध्यरात्रीही दार उघडतो आणि छातीठोक सांगतो. माझ्या मते मंत्रापेक्षा लोकांना तो धीर हवा असतो.

साताऱ्याचे डॉ. नरेंद्र दाभोलकर ज्या जादूटोणाविरोधी कायद्यासाठी वर्षानुवर्षं झटले, तो त्यांचा २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात खून झाल्यानंतर त्याच वर्षी झाला. साप, विंचू, कुत्रा चावलेल्याला औषधोपचारापासून अडवून मंत्रतंत्र करणं आता गुन्हा आहे.

आजी रात्री ‘साप’ म्हणत नाही, ‘जनावर’ म्हणते. चावला तर ‘पान लागलं’. त्यावरून तिच्याशी वाद नको, त्याने कुणाचं बिघडत नाही. एवढं मात्र तिला सांग: चावलेल्याला चालवायचं नाही, अंगठी-बांगड्या लगेच काढायच्या, दोरीने करकचून बांधायचं नाही, जखम कापायची-चोखायची नाही. चावलेला हात किंवा पाय फळीला सैलसर बांधून १०८ला फोन. हा नंबर फडताळाच्या दारावर मोठ्या आकड्यांत लिहून ठेवायला सांग, चष्म्याशिवाय दिसेल इतका मोठा.

तुझी,
आई