शेतावरचा एकतर्फी मनाई हुकूम किती दिवस चालतो?

प्रश्न : माझे यजमान वारल्यानंतर त्यांच्या वाट्याची तीन एकर जमीन मीच वाहत होते. ती आपल्या वहिवाटीत असल्याचे सांगून दिरांनी तालुक्याच्या दिवाणी न्यायालयात दावा टाकला आणि मला नोटीस मिळण्याआधीच एकतर्फी तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. तेव्हापासून नुसत्या तारखा पडत आहेत. दोन खरीप हंगाम हातचे गेले. असा हुकूम सहा महिन्यांनी आपोआप संपतो, असे गावात सांगतात. मग यंदा पेरणी करू का?
— एक वाचक भगिनी, दारव्हा तालुका, जि. यवतमाळ

उत्तर : ताई, हुकूम उठेपर्यंत त्या शेतात औत घालू नका, हे सर्वांत आधी सांगतो. सहा महिन्यांची समजूत सर्वोच्च न्यायालयाच्या २०१८ मधील एका निकालावरून पसरली. तो निकाल खटल्यांच्या कामकाजाला मिळणाऱ्या स्थगितीविषयी होता, शेतावरच्या मनाई हुकमाविषयी नव्हता. शिवाय २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने त्यातील आपोआप स्थगिती उठण्याचा नियमही रद्द ठरवला. हुकूम मोडल्यास दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २अ खाली मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते, आणि मुळात अन्याय तुमच्यावर झालेला असला तरी न्यायालयापुढे दोषी तुम्ही ठराल.

मात्र कायद्याने तुम्हाला मुकाट बसायलाही सांगितलेले नाही. दुसऱ्या पक्षाला न ऐकता मनाई द्यायची तर न्यायाधीशांना त्याची कारणे नोंदवावी लागतात, आणि दावा, अर्ज, शपथपत्र व कागदपत्रांच्या प्रती प्रतिवादीला लगेच पाठवून तसे शपथपत्र त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी दाखल करणे वादीवर बंधनकारक असते. त्यानंतर याच आदेशाच्या नियम ३अ प्रमाणे तो अर्ज, म्हणजे आपल्याकडे ज्याला निशाणी ५ म्हणतात तो, तीस दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न न्यायालयाने करायचा असतो आणि ते शक्य नसेल तर त्याचीही कारणे लिहायची असतात. तीस दिवस उलटले म्हणून हुकूम संपत नाही. पण ही मुदत पाळली गेली नाही, तर अशा हुकमाविरुद्ध थेट अपील करता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २००० साली स्पष्ट केले आहे. कनिष्ठ स्तर न्यायालयाच्या हुकमाविरुद्धचे अपील जिल्हा न्यायालयात जाते.

म्हणून पहिले काम रोजनाम्याची नक्कल काढण्याचे. कोणत्या तारखेला मुदतीचा अर्ज कोणी दिला, हे त्यातून कळते. आणि कटू असले तरी लिहितो, पुष्कळ प्रकरणांत निशाणी ५ वर प्रतिवादीचे म्हणणेच दाखल झालेले नसते. समन्स बजावल्यापासून लेखी कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, द्यायला तीस दिवस असतात व न्यायालय ते नव्वदपर्यंत वाढवू शकते. तुमचे म्हणणे राहिले असेल तर ते आधी दाखल करून घ्या आणि त्याच वेळी नियम ४ खाली हुकूम रद्द करण्याचा अर्ज द्या. वादीने महत्त्वाच्या गोष्टीबद्दल जाणूनबुजून खोटे किंवा दिशाभूल करणारे सांगून हुकूम मिळवला असेल, तर या अर्जाला मोठा आधार मिळतो.

सुनावणीत प्रथमदर्शनी हक्क, कोणाची गैरसोय जास्त आणि भरून न येणारे नुकसान कोणाचे, हे तीन मुद्दे पाहिले जातात. येथे वहिवाटीचा कागद बोलतो : सातबाऱ्यावरील पीकपेरा, ई-पीक पाहणीची नोंद, पीक विम्याची पावती, सोसायटीच्या पीककर्जाचा उतारा, कापूस विकल्याच्या चिठ्ठ्या. वारस म्हणून फेरफार झाला असेल तर तोही जोडा. सातबारा मालकीचा अंतिम पुरावा नसला, तरी त्यातील नोंद खोटी ठरेपर्यंत कायदा ती खरी धरतो. जमिनीची सरस-निरस, म्हणजे चांगली-वाईट जमीन पाहून हिस्सेवार, वाटणी झालेलीच नसेल, तर एका सहहिस्सेदाराचा ताबा सर्वांचा मानला जातो आणि त्याच्याविरुद्ध मनाई सहसा दिली जात नाही; हा मुद्दा तुमच्या वकिलांनी ठामपणे मांडायला हवा. पेरणी तोंडावर असेल तर, शेत पडीक राहू नये म्हणून जो वाहील त्याने हिशेब ठेवून उत्पन्न न्यायालयात भरावे, अशीही मागणी करता येते.

वकील बदलण्याचा खर्च पेलत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा. स्त्रियांना तेथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

प्रश्न : धुऱ्याच्या (शेताच्या बांधाच्या) दाव्यात प्रतिवादी असलेले माझे चुलते वारले. आता दावा बंद पडेल का?
— एक वाचक, अंजनगाव सुर्जी तालुका, जि. अमरावती

उत्तर : मृत्यूपासून नव्वद दिवसांत त्यांचे वारस रेकॉर्डवर आणा. मुदत चुकली तर दावा त्यांच्यापुरता संपुष्टात येतो. तो पुन्हा जिवंत करण्याच्या अर्जाला पुढचे साठ दिवस मिळतात, आणि त्याहून उशीर झाला तर विलंब माफीचा अर्ज सोबत द्यावा लागतो. हद्दीचाच वाद असल्याने, वारस लागताच भूमी अभिलेख कार्यालयामार्फत मोजणीसाठी कोर्ट कमिशनर नेमण्याची विनंती करा, कारण नुसत्या तोंडी साक्षींवर धुऱ्याची जागा ठरवणे अवघड जाते.