38 हजार गोळा करू नका, आधी अर्ज द्या

ताई, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. तुमच्याकडे कामाला येणाऱ्या बाईंची बहीण आणि मेहुणे बीडकडून ऊसतोडीला गेले. नवरा-बायकोच्या जोडीला उचल, म्हणजे आगाऊ घेतलेली रक्कम, 1 लाख 20 हजार. कारखान्याचा पट्टा पडला, म्हणजे हंगाम संपला, बाकीची टोळी घरी आली, पण मुकादम, म्हणजे उचल देऊन टोळी नेणारा ठेकेदार, म्हणतो अजून 38 हजार अंगावर आहेत. ते फिटेपर्यंत त्यांचा 15 वर्षांचा मुलगा त्याने आपल्या शेतावर जनावरांमागे ठेवून घेतलाय. पोलीस म्हणाले, पैशाची देवाणघेवाण आहे, दिवाणीत जा. आता सोसायटीतून पैसे गोळा करून मुलाला सोडवावं का, असं तुम्ही विचारताय.

नका करू. मी महसूल खात्यात अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालो. असे अर्ज आवक करून, म्हणजे नोंदवहीत चढवून घेतलेत, आणि खरं सांगायचं तर एक-दोन बिघडवलेतही. त्या अनुभवातून लिहितो.

आधी हिशेब बघा. मुकादमाने अजिबात लबाडी केली नाही असं धरू. तोडणीचा दर 2024 साली वाढून टनाला 366 च्या आसपास गेला. एक जोडी दिवसाला दोनेक टन तोडते, म्हणजे 732 रुपये, तेही दोघांचे मिळून. पहाटे अंधारात फडात शिरायचं, तोडायचं, मोळ्या बांधायच्या, डोक्यावरून गाडीत भरायच्या आणि ट्रॅक्टर रात्री दोनला आला तर दोनला उठायचं. 140 दिवस काम मिळालं तर 1 लाख 2 हजार 480. मधे कोपीवर, म्हणजे फडाजवळच्या झोपडीत, मीठमिरचीला आठवड्याला हजार रुपये खर्ची घेतली की वीस आठवड्यांचे 20 हजार उचलीत वाढले. आता वजाबाकी करा. बाकी 37 हजार 520 येते. तुमचा आकडा बहुतेक असाच आलाय. यात आजारपणाचे खाडे धरलेले नाहीत, आणि खाड्याला मुकादम दंड कापतो तो वेगळाच. म्हणजे उचल देतानाच ती एका हंगामात फिटणार नाही हे ठरलेलं असतं. पुढच्या वर्षीची जोडी आजच बांधून ठेवायची, त्याचीच ही सोय.

आता कायदा. वेठबिगार निर्मूलनाचा कायदा 1976 चा आहे, काही कागदांवर ‘बंधबिगार’ असा शब्द दिसेल, तोच हा. पोलिसांनी तुम्हाला सांगितलं त्याच्या बरोबर उलटं त्यात आहे. उचलीपोटी माणसाला दुसरीकडे काम करायची किंवा मनाला येईल तिथे जायची मोकळीक उरली नाही, की ते कर्ज वेठबिगारीचं कर्ज होतं. आणि असं कर्ज कलम 6 नुसार संपलेलं असतं, त्यासाठी दिवाणी दावासुद्धा लावता येत नाही. संपलेल्या कर्जापोटी पैसे स्वीकारणं हा कलम 9 खाली गुन्हा आहे, तीन वर्षांपर्यंत शिक्षा. म्हणजे तुम्ही 38 हजार नेऊन दिलेत तर मुकादमाला एक गुन्हा करायला मदत केलीत, आणि वर त्याचा हिशेब खरा होता असंही कबूल केलंत. कर्ज वेठबिगारीचं नाही हे सिद्ध करायचं ओझं कलम 15 ने कर्ज देणाऱ्यावर टाकलंय. गुन्हा दखलपात्र आहे, त्यामुळे ‘दिवाणीत जा’ हे उत्तर चालत नाही. जामीनपात्रही आहे, तेव्हा मुकादम दुसऱ्या दिवशी गावात दिसला तर खचू नका.

मुलाची गोष्ट याहून तातडीची. 18 वर्षांखालच्या मुलाला कामासाठी अडकवून ठेवणं किंवा त्याची कमाई दाबणं यावर बाल न्याय अधिनियमाचं कलम 79 आहे, पाच वर्षांपर्यंत सक्तमजुरी. आज रात्रीच 1098 या मुलांच्या हेल्पलाइनला फोन करा, शेत कुठल्या गावच्या शिवारात आहे ते नीट सांगा. 2022 साली इगतपुरीकडच्या कातकरी मुलांना नगर जिल्ह्यात मेंढ्यांमागे ठेवल्याचं प्रकरण गाजलं होतं. ते बाहेर यायला आधी एका मुलीचा जीव जावा लागला.

अर्ज जिल्हाधिकाऱ्यांच्या नावे, प्रत प्रांत (उपविभागीय अधिकारी) आणि तहसीलदारांना. शेत ज्या जिल्ह्यात आहे तिथेच. अर्जात ‘फसवणूक’, ‘हिशेबात घोटाळा’ हे शब्द नकोत. ते लिहिलेत की साहेब आकडेमोडीत शिरतात, मुकादम वही काढतो आणि दुपारपर्यंत ‘आपसात मिटवा’ होतं. लिहायचं एवढंच: अमुक तारखेला इतकी उचल घेतली, ती फिटली नाही म्हणून मुलाला जाऊ देत नाहीत. चौकशी, सुटका आणि मुक्ती प्रमाणपत्र (वेठबिगारीतून सुटल्याचा सरकारी दाखला) मिळावं. आवकचा शिक्का आणि नंबर घेतल्याशिवाय खिडकीवरून हलू नका. कुटुंब अनुसूचित जाती-जमातीचं असेल तर तेही लिहा, वेठबिगारी अॅट्रॉसिटीच्या कायद्यातही येते.

आता जबाब. इथे मी चुकलोय. एका वीटभट्टीवर आम्ही चौकशीला गेलो होतो. दोन कातकरी कुटुंबं, मालक शेजारी खुर्ची टाकून बसलेला. साहेबांनी विचारलं, ‘तुम्हाला कोणी कोंडून ठेवलंय का?’ माणूस म्हणाला, ‘नाही साहेब.’ मी तसंच लिहून घेतलं, अंगठा घेतला, प्रकरण तिथेच मेलं. निघताना मी पाणी प्यायला त्याच्या झोपडीशी गेलो आणि सहज म्हणालो, ‘उद्या दुसऱ्या भट्टीवर गेलास तर?’ तो हसला. म्हणाला, ‘पोरगी इथं ठेवून जाऊ का?’ हा प्रश्न जबाबात असायला हवा होता. माझं अक्षर त्या कागदावर अजून असेल.

म्हणून जबाब मुकादमासमोर होऊ देऊ नका, आणि ‘दुसरीकडे कामाला गेलात तर काय होईल’ हे विचारायला लावा. कुलूप असायलाच हवं असं नाही. एशियाडच्या मजुरांच्या खटल्यात 1982 सालीच सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की किमान वेतनापेक्षा कमी पैशात काम करावं लागणं हीसुद्धा सक्तीच, कारण पोटाची भूक माणसाला ढकलत असते.

सगळ्यात जड जाईल ते मुलाच्या आईबापांना समजावणं. ते म्हणतील, ‘घेतलेत तर फेडायला नकोत का?’ हे भोळेपण नाही, ती त्यांची इभ्रत आहे. पूर्वी ठाणे जिल्ह्यात वारली माणूस लग्नासाठी सावकाराकडून पैसे घ्यायचा आणि त्या कर्जापोटी त्याचा वेठबिगार, म्हणजे लग्नगडी व्हायचा, पुढे बायकोही राबायची. 1945 साली गोदावरी परुळेकरांनी तलासरी-डहाणूत लाल बावट्याखाली ती पद्धत मोडायला घेतली, तेव्हाही पैसे घेतलेत ही बोच होतीच. वरचा हिशेब त्यांना कागदावर करून दाखवा, नुसतं ‘कायदा आहे’ म्हणू नका. आणि एक भीती खरी आहे: पुढच्या हंगामाला दुसरा मुकादमही त्यांना उचल देणार नाही. यावर माझ्याकडे चांगलं उत्तर नाही. मुक्ती प्रमाणपत्र हातात आलं तर 30 हजारांपर्यंत तातडीची मदत खटल्याच्या निकालाआधी मिळू शकते, पुढे पुरुषाला 1 लाख, बाईला 2 लाख अशी तरतूद आहे. पण ते पैसे वेळेवर येतात असं मी तरी सांगणार नाही. मागे लागावं लागतं. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचा वकील फुकट मिळतो, तो पहिल्या दिवसापासून सोबत घ्या.

सोसायटीने गोळा केलेत तर ते पैसे त्या बाईंना बीडला जायच्या तिकिटाला आणि दोन महिन्यांच्या किराण्याला द्या. आवक नंबर मिळाला की इथे कळवा, पुढचा अर्ज लिहून देतो. मुलाचं नाव आणि गाव मात्र इथे टाकू नका.