जुन्या कॉम्प्युटरवर जिथे थांबलात, नव्या लॅपटॉपवर गेम तिथूनच कसा सुरू करायचा?

तुमचा प्रश्न मला कळला तो असा: विंडोज १० चा जुना डेस्कटॉप बाजूला ठेवून नवा लॅपटॉप घेतलाय. गेम पुन्हा डाउनलोड होतील, त्याची काळजी नाही. पण स्कायरिममधली कित्येक महिन्यांची प्रगती, स्टारड्यू व्हॅलीतलं शेत आणि धाकट्या बहिणीने माइनक्राफ्टमध्ये बांधलेलं जग, हे सगळं नव्या मशीनवर आणायचंय. आणि डेस्कटॉप या आठवड्यात फॉरमॅट करून दुसऱ्या कुणाला द्यायचा आहे.

तर आधी तो फॉरमॅट पुढे ढकला. बाकीचं उत्तर नंतर वाचलंत तरी चालेल. तिन्ही गेम नव्या लॅपटॉपवर उघडून तुमचं पात्र, तुमचं शेत आणि बहिणीचं घर स्वतःच्या डोळ्यांनी बघत नाही, तोवर जुन्या डिस्कला हात लावू नका.

हे इतकं ठासून सांगतोय कारण मी स्वतः ही चूक केली आहे. गेम जिथे इन्स्टॉल होता तो अख्खा फोल्डर मी बाहेरच्या हार्ड डिस्कवर घेतला. चाळीसेक जीबीचा होता. एवढं सगळं घेतलं म्हणजे माझी प्रगतीही त्यातच आली, असं मी धरून चाललो. जुना कॉम्प्युटर फॉरमॅट केला, नव्यावर फोल्डर ठेवला, गेम सुरू केला, तर मेनूमध्ये ‘न्यू गेम’ एवढाच पर्याय. दोन वर्षं थोडंथोडं खेळून जमवलेलं सगळं गेलं. ज्या फाइलमध्ये ते होतं ती दहा एमबीचीसुद्धा नव्हती, आणि मी घेतलेल्या फोल्डरमध्ये ती कधी नव्हतीच.

गेम वेगळा आणि तुमची प्रगती वेगळी, हे इथे नीट समजून घ्यायला हवं. गेमच्या फाइल्स जगात सगळ्यांच्या सारख्याच असतात आणि त्या कधीही पुन्हा मिळतात. सेव्ह फाइल फक्त तुमची असते आणि बहुतेक वेळा ती गेमच्या फोल्डरमध्ये नसते. २००७ साली विंडोज व्हिस्टा आलं तेव्हापासून साध्या प्रोग्रॅमला ‘प्रोग्रॅम फाइल्स’मध्ये मनमानी लिहू दिलं जात नाही. त्यामुळे गेम आपल्या नोंदी वापरकर्त्याच्या फोल्डरमध्ये ठेवतात. काहींच्या ‘डॉक्युमेंट्स’मध्ये ‘माय गेम्स’ या नावाखाली असतात, काहींच्या ‘सेव्ह्ड गेम्स’मध्ये, आणि बऱ्याच गेमच्या ‘ॲपडेटा’ नावाच्या लपवलेल्या फोल्डरमध्ये. माझी फाइल या शेवटच्या ठिकाणी होती.

स्टीम म्हणजे गेम विकत घेण्याचं आणि चालवण्याचं ॲप. त्यावरच्या ‘गेम फाइल्सचा बॅकअप’ या सोयीबद्दलही बऱ्याच जणांचा असाच समज असतो. तो बॅकअप गेमचा असतो, सेव्हचा नाही. २०२३ पासून स्टीममध्ये एकाच नेटवर्कवरच्या एका कॉम्प्युटरवरून दुसऱ्यावर गेम थेट पाठवता येतो, तिथेही तेच. डाउनलोडचा वेळ वाचतो म्हणून ही सोय जरूर वापरा, पण प्रगती त्यातून येईल असं समजू नका.

आता तुमचे तीन गेम. स्कायरिम म्हणजे स्पेशल एडिशन, स्टारड्यू स्टीमवर आणि माइनक्राफ्ट जावा आवृत्ती, असं धरून लिहितो.

पहिल्या दोन्ही गेमना स्टीम क्लाउड आहे. म्हणजे गेम बंद केला की सेव्ह फाइल स्टीमच्या सर्व्हरवर जाते आणि नव्या मशीनवर त्याच अकाउंटने लॉगिन केलं की ती खाली उतरते. पण ‘आहे’ म्हणून निर्धास्त राहू नका, खात्री करून घ्या. जुन्या डेस्कटॉपवर लायब्ररीत गेमचं पान उघडलं की ‘प्ले’ बटणाच्या बाजूला क्लाउडची स्थिती दिसते. ती अद्ययावत आहे असं लिहिलेलं हवं. ते दिसतच नसेल, तर गेमच्या ‘प्रॉपर्टीज’मध्ये जाऊन सेव्ह क्लाउडवर ठेवण्याचा पर्याय चालू आहे का ते बघा. डेस्कटॉप बरेच महिने इंटरनेटशिवाय वापरला असेल तर क्लाउडवर जुनीच फाइल पडून असू शकते. म्हणून नेट जोडून दोन्ही गेम एकदा उघडा, सेव्ह करा, बाहेर पडा आणि सिंक पूर्ण होईपर्यंत स्टीम बंद करू नका.

क्लाउड असला तरी हाताने एक प्रत काढाच. पाच मिनिटांचं काम आहे.

डेस्कटॉपवर विंडोजची कळ आणि आर एकत्र दाबा. छोटी चौकट उघडेल. तिच्यात पर्सेंटचं चिन्ह, मग इंग्रजीत ॲपडेटा हा शब्द सलग, पुन्हा पर्सेंटचं चिन्ह, असं लिहून एंटर करा. लपवलेल्या ॲपडेटातला ‘रोमिंग’ हा फोल्डर थेट समोर येतो. त्यात स्टारड्यू व्हॅली नावाचा फोल्डर आहे, त्याच्या आत ‘सेव्ह्ज’. प्रत्येक शेताचा एक फोल्डर असतो. त्याचं नाव म्हणजे तुमच्या शेतकऱ्याचं नाव, अंडरस्कोर आणि एक लांबलचक आकडा. आत त्याच नावाची मुख्य फाइल असते. फोल्डरचं नाव आणि या फाइलचं नाव जुळावं लागतं, म्हणून नीटनेटकं करायच्या भरात कुठलंही नाव बदलू नका. आत शेवटी ‘ओल्ड’ लागलेल्या फाइल्सही दिसतील. त्या आदल्या दिवसाच्या, म्हणजे गेममधल्या दिवसाच्या प्रती आहेत. मुख्य फाइल बिघडली तर त्यांच्यावरून एक दिवस मागे जाऊन शेत वाचवता येतं, तेव्हा त्याही सोबत घ्या.

माइनक्राफ्टकडे सगळ्यात जास्त लक्ष द्या. जावा आवृत्तीत एकट्याने खेळायची जगं कुठल्याही क्लाउडवर जात नाहीत. मायक्रोसॉफ्ट अकाउंटने लॉगिन केल्यावर गेम मिळतो, जग मिळत नाही. तुमच्या बहिणीचं जग या क्षणी फक्त त्या डेस्कटॉपच्या डिस्कवर आहे, आणखी कुठेही नाही. त्याच ॲपडेटामध्ये टिंबापासून सुरू होणारा माइनक्राफ्ट नावाचा फोल्डर दिसेल, त्याच्या आत ‘सेव्ह्ज’, आणि तिथे प्रत्येक जगाचा आपापला फोल्डर. गेम पूर्ण बंद करा आणि जगाचा फोल्डर अख्खा कॉपी करा. आतल्या निवडक फाइल्स उचलू नका. त्यातल्या ‘रीजन’मध्ये बांधकाम असतं, पण बाकीच्या फाइल्सशिवाय ते जग धड उघडत नाही.

माइनक्राफ्टमध्ये आवृत्तीचंही भान ठेवावं लागतं. जुन्या आवृत्तीतलं जग नव्या आवृत्तीत उघडतं, पण एकदा तसं उघडलं की ते नव्या पद्धतीने लिहिलं जातं आणि मागे नेता येत नाही. तेव्हा नव्या लॅपटॉपवर जगाचा फोल्डर तशाच ‘सेव्ह्ज’मध्ये टाकलात की लाँचरमधून, म्हणजे माइनक्राफ्ट सुरू करणाऱ्या ॲपमधून, आधी डेस्कटॉपवरचीच आवृत्ती निवडा. बहिणीचं घर जिथल्या तिथे आहे हे दिसलं की मग हवं तर पुढे जा. (बहीण बेडरॉक आवृत्ती खेळत असेल तर काम आणखी सोपं: जगाच्या संपादनाच्या पानावर ‘एक्सपोर्ट’ आहे. त्याने एकच फाइल तयार होते आणि ती लॅपटॉपवर डबल क्लिक केली की जग आत येतं.)

स्कायरिमचे सेव्ह ‘डॉक्युमेंट्स’मध्ये ‘माय गेम्स’, त्यात ‘स्कायरिम स्पेशल एडिशन’, त्यात ‘सेव्ह्ज’ इथे असतात. इथे लोक ज्यात अडकतात ती गोष्ट म्हणजे वनड्राइव्ह, मायक्रोसॉफ्टची फाइल्स ऑनलाइन ठेवायची सोय. विंडोज अनेकदा ‘डॉक्युमेंट्स’ फोल्डर वनड्राइव्हच्या आत हलवतं. मग एकाच नावाचे दोन फोल्डर होतात आणि तुम्ही ज्यात फाइल्स टाकल्या त्यात गेम बघतच नाही. नव्या लॅपटॉपवर ‘डॉक्युमेंट्स’वर राइट क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’मधल्या ‘लोकेशन’मध्ये खरा पत्ता बघून घ्या. दुसरं म्हणजे मॉड, म्हणजे खेळाडूंनी बनवलेली, गेममध्ये वरून टाकायची भर. मॉड टाकून खेळत असाल तर तेच मॉड, त्याच क्रमाने नव्या लॅपटॉपवर बसवल्याशिवाय सेव्ह उघडू नका. नाहीतर काही सामग्री आता उपलब्ध नाही अशी सूचना येते. ती ओलांडून पुढे गेलात आणि तिथेच सेव्ह केलंत, तर मॉडमधून आलेल्या वस्तू त्या सेव्हमधून निघून जातात. स्क्रिप्ट एक्स्टेंडर (काही मॉडना लागणारा जोड-प्रोग्रॅम) वापरत असाल तर प्रत्येक सेव्हच्या जोडीला त्याच नावाची एक छोटी फाइल असते, तीही लागते. म्हणून इथेही अख्खा फोल्डर घ्या.

हे तिन्ही फोल्डर पेनड्राइव्हवर उतरले की नव्या लॅपटॉपकडे वळा. इथे क्रम महत्त्वाचा आहे, कारण फाइल्स हातात असूनही लोक प्रगती घालवतात ती याच पायरीवर.

स्टीमच्या गेमना आधी क्लाउडवरून यायची संधी द्या. गेम इन्स्टॉल करा, सिंक होऊ द्या, उघडून बघा. शेवटची तारीख बरोबर असेल तर झालं, पेनड्राइव्हची गरजच नाही. तसं झालं नाही तर त्या गेमपुरता क्लाउड बंद करा, गेम एकदा मेनूपर्यंत उघडून बंद करा म्हणजे त्याचे फोल्डर तयार होतील, मग पेनड्राइव्हवरच्या फाइल्स तिथे टाका. पुन्हा उघडा, खात्री करा आणि मगच क्लाउड चालू करा. त्या वेळी स्टीम विचारू शकतं की या कॉम्प्युटरवरची फाइल आणि क्लाउडवरची फाइल यांच्यात फरक आहे, कोणती ठेवायची? एक निवडलीत की दुसरी पुसली जाते. दोन्हींच्या पुढे तारीख आणि वेळ दिलेली असते, ती वाचा. पण फक्त ‘नवी ती खरी’ असं समजू नका. लॅपटॉपवर चुकून दोन मिनिटांचा नवा गेम सुरू केला असेल तर सगळ्यात ताजी तारीख त्या रिकाम्या गेमचीच असते. पेनड्राइव्हवर वेगळी प्रत असेल तर इथे चुकलं तरी सावरता येतं.

तुमच्याकडे आणखी गेम असतील, तर सेव्ह कुठे आहे ते शोधायला पीसीगेमिंगविकी हे संकेतस्थळ मी नेहमी वापरतो. गेमचं नाव शोधा, पानावर सेव्हचा पत्ता आणि क्लाउड आहे की नाही हे दोन्ही मिळतं. गेम वीस-पंचवीस असतील तर लुडुसावी नावाचं मोफत, मुक्त स्रोत सॉफ्टवेअर याच माहितीच्या आधारे कॉम्प्युटरवरचे सेव्ह स्वतः शोधून एका ठिकाणी गोळा करतं आणि नव्या मशीनवर परत जागच्या जागी ठेवतं. फार जुन्या गेमसाठी एक जागा लक्षात ठेवा: ‘रोमिंग’मधून एक पायरी वर ‘ॲपडेटा’मध्ये या, तिथे ‘लोकल’, त्यात ‘व्हर्च्युअलस्टोअर’. जे गेम अजूनही प्रोग्रॅम फाइल्समध्ये लिहायला जातात, त्यांच्या फाइल्स विंडोज गुपचूप तिथे वळवतं. आणि काही लहान गेम थोडीफार नोंद रजिस्ट्रीमध्ये, म्हणजे विंडोजच्या स्वतःच्या सेटिंग्जच्या कोठारात, ठेवतात. तिथे नुसता फोल्डर कॉपी करून भागत नाही, ती नोंद एक्सपोर्ट करावी लागते.

काही गेम सेव्ह अकाउंटला बांधून ठेवतात. एल्डन रिंगच्या फोल्डरचं नाव म्हणजे तुमच्या स्टीम अकाउंटचा १७ आकडी क्रमांक. अकाउंट तेच असेल तर काही अडचण नाही, पण दुसऱ्याच्या अकाउंटवर तीच फाइल ठेवली तर ती चालत नाही. स्टीमवरचा गेम सोडून तोच एक्सबॉक्स गेम पासवर (मायक्रोसॉफ्टच्या वर्गणीच्या सेवेवर) घेतलात, तरी फाइल्स सरळ हलवता येत नाहीत, कारण तिथे सेव्ह वेगळ्या साच्यात आणि न कळणाऱ्या नावांनी ठेवले जातात. फोर्टनाइट किंवा व्हॅलोरंटसारख्या ऑनलाइन गेमचं सगळं सर्व्हरवरच असतं. लॉगिन केलं की आलं.

तुमचा डेस्कटॉप चालू आहे म्हणून बरं. कुणाचा बंद पडला असेल तर डिस्क काढून यूएसबी केसमध्ये बसवली की हेच फोल्डर नव्या मशीनवरून वाचता येतात. परवानगी नाही असं विंडोज म्हणालं तर ‘कंटिन्यू’ दाबायचं. डिस्कला बिटलॉकर (विंडोजचं डिस्कवरचं कुलूप) असेल तर रिकव्हरी की लागते, ती बहुधा मायक्रोसॉफ्ट अकाउंटमध्ये साठवलेली असते.

शेवटची तपासणी तिन्ही गेमसाठी करा. लॅपटॉपवर गेम उघडा, थोडं खेळा, सेव्ह करून बाहेर पडा आणि सेव्हच्या फोल्डरमधल्या फाइलची वेळ बघा. ती आत्ताची दिसली म्हणजे गेम योग्य जागी वाचतोय आणि तिथेच लिहितोय. माइनक्राफ्टची तपासणी बहिणीकडूनच करून घ्या. पेटीत काय होतं, कुठल्या खोलीत कुठला पलंग होता, हे तिच्याइतकं तुम्हाला आठवणार नाही. ती हो म्हणाली की जगाच्या फोल्डरची एक झिप फाइल करून पेनड्राइव्हवर तिच्या नावाने ठेवा, आणि मग डेस्कटॉप फॉरमॅटला घ्या.